गुजराती बोलपटांतील प्रीती आणि प्रपंच

आमचे एक स्नेही आहेत. वाङ्मयाचे मोठे रसिक, चार भाषांचे जाणते, आणि विनोदाची आवड असलेले. एकदा त्यांच्यापाशी गुजराती बोलपटांचा विषय निघाला तेव्हा ते हसून म्हणाले, "त्या चित्रांत प्रेम ते कसले असावयाचे? नायक पागोटे सावरतो, नायिका घागरा फिरविते, आणि अखेरीस जमाखर्च जुळला म्हणजे दोघांचे लग्न लागते." बैठकीतील सर्वजण हसले. आम्हीही हसलो, हे कबूल केले पाहिजे. परंतु घरी परतताना ते हसणे आमचे आम्हांसच खटकू लागले. आमच्या या स्नेह्यांनी आयुष्यात दोनच गुजराती चित्रे पाहिली होती. आणि आम्ही पाहिलेल्यांची संख्या तेव्हा त्याहून फारशी अधिक नव्हती.

हे अज्ञान पुण्यातील किंवा नागपुरातील गृहस्थास शोभून जाईल. आम्हां वसईकरांस ते शोभत नाही. ज्या आगगाडीने आम्ही चर्चगेटास जातो तिचेच रूळ उलट दिशेने वलसाड आणि सुरत गाठतात. या गावाचा इतिहासच गुजरातेशी बांधलेला आहे. सन १५३४ मध्ये सुलतान बहादूरशहाने तह करून वसई पोर्तुगीजांच्या हवाली केली. म्हणजे चिमाजी आप्पांनी १७३९ साली जिंकलेला किल्ला ज्यांच्याकडून जिंकला, त्यांस तो प्रदेश मिळाला होता गुजरातच्या गादीकडून. पुढे १९६० साली द्वैभाषिक मुंबई राज्याची वाटणी झाली तेव्हा त्या वेळच्या ठाणे जिल्ह्यातील उंबरगाव तालुक्याचा मोठा भाग गुजरातेत गेला, आणि सीमा आमच्या उत्तरेस थोड्या अंतरावर येऊन थांबली. वसई-विरारच्या चाळींतून आणि आता उंच इमारतींतून एका भिंतीच्या अलीकडे मराठी व पलीकडे गुजराती बोलली जाते. शेजारणी एकमेकींच्या घरची कढी चाखतात. मुले एका शाळेत जातात. क्वचित एकमेकांशी लग्नेही लावतात. असे असता शेजाऱ्याच्या पडद्यावर प्रेम कोणत्या रूपाने प्रकटले, हे आपणांस ठाऊक नसावे यात काही भूषण नाही. म्हणून पुढील काही महिने आम्ही जुनी-नवी चित्रे मिळतील तशी पाहिली. त्यांतून जे हाती आले ते वाचकांपुढे ठेवीत आहो.

मराठी आणि गुजराती बोलपटांचा जन्म एकाच वर्षातला. १९३२ च्या फेब्रुवारीत प्रभातचा 'अयोध्येचा राजा' आला आणि त्याच एप्रिलात सागर मूव्हीटोनचा 'नरसिंह मेहता'. नानुभाई वकील हे त्याचे दिग्दर्शक. दोन्ही चित्रांत तरुण-तरुणींचे प्रेम हा विषय नाही. एकात सत्त्वपरीक्षा, दुसऱ्यात भक्ती. तथापि नरसिंह मेहत्यांची कथा ज्यांस ठाऊक आहे त्यांस हेही ठाऊक आहे की, तिच्यातील सर्वांत हृद्य भाग देवाचा नसून लेकीचा आहे. जुनागढच्या त्या निष्कांचन भक्ताची मुलगी कुंवरबाई सासरी गर्भवती आहे; बापाने मामेरे, म्हणजे माहेरचा आहेर, घेऊन यावयाचे; सासरची माणसे त्याच्या दारिद्र्याची थट्टा करीत आहेत; आणि लेक दाराआडून बापाची वाट पाहते आहे. गुजराती मनाने प्रेमाचे पहिले चित्र पाहिले ते असे. आपल्याकडे त्याची तुलना करावयाची तर 'संत तुकाराम' (१९३६) या चित्रातील जिजाईशी करावी लागेल. नवऱ्याला तोंडभर बोलणारी, परंतु त्याच्यासाठी भाकरी घेऊन डोंगर चढणारी ती बाई ज्याने पाहिली, त्याने प्रेमाच्या व्याख्येत बागेची आणि चांदण्याची अट घालू नये.

येथे एक प्रश्न उभा राहतो. मराठीत त्यानंतर पाचच वर्षांत 'कुंकू' (१९३७) निघाला. त्यातील नीरेने म्हाताऱ्या नवऱ्याचे नवरेपण नाकारले. १९३९ साली 'माणूस' मध्ये पोलीस शिपाई आणि वेश्या यांची प्रीती आली. गुजरातीत त्या दशकात या तोडीचे काही का निर्माण होऊ नये? गुजराती माणसास चित्रपटाची आवड नव्हती, असे कोणी म्हणेल तर ते हास्यास्पद ठरेल. मुंबईच्या चित्रव्यवसायाचा पायाच मुळी गुजराती आणि पारशी मंडळींनी घातला. रणजितचे चंदुलाल शहा, सागरचे चिमणलाल देसाई, 'घर जमाई'कार होमी मास्टर, पालिताण्याचे विजय भट्ट, बिलिमोऱ्याकडून आलेले मेहबूब खान. ही नामावली कितीही लांबविता येईल. आपले दादासाहेब फाळके देखील बडोद्याच्या कलाभवनात शिकले आणि गोध्र्यास छायाचित्रकाराचा धंदा करून बसले होते, हे विसरून चालणार नाही.

आमच्या मते उत्तर या नामावलीतच आहे. ही सारी मंडळी मुंबईत राहिली आणि मुंबईची बाजारपेठ साऱ्या हिंदुस्थानची होती. ज्या कथेत बाग आहे, गाणे आहे, पहिल्या दृष्टिभेटीची थरथर आहे, ती कथा पेशावरपासून मद्रासपर्यंत खपते. तेव्हा ती हिंदीत करावयाची. ज्या कथेत नणंद, जाऊ, आहेर, वेवाही आहेत, ती परप्रांतात समजावयाची नाही. ती गुजरातीत करावयाची. व्यापारी हिशेब म्हणून यात काहीही चूक नव्हती. मराठीस या बाबतीत एक दैवयोग लाभला. प्रभात मंडळी कोल्हापुरास जन्मली आणि १९३३ साली पुण्यास गेली. मुंबईपासून दूर, मराठी गावात, त्यांचे स्वतःचे स्टुडिओ होते. त्यांनीही आपली चित्रे हिंदीत काढली, परंतु मुळात ती मराठीत कल्पिली. अहमदाबादेस किंवा बडोद्यास असे 'प्रभात' उभे राहिले नाही. परिणाम असा झाला की, गुजराती कलावंताने आपला शृंगार परभाषेत खर्च केला आणि मातृभाषेसाठी घर राखून ठेवले.

परंतु घर राखले म्हणजे प्रेम गेले, असे मात्र नव्हे. येथेच आमच्या स्नेह्यांची चूक होते.

स्वातंत्र्याच्या आगेमागे गुजराती चित्रांची जी पहिली मोठी लाट आली तिची नुसती नावे पाहावी. 'करियावर', म्हणजे लेकीस द्यावयाचे आंदण. 'नणंद भोजाई'. 'वडीलोना वांके', म्हणजे वडिलांच्या दोषापायी. 'वेविशाळ', म्हणजे वाङ्निश्चय. 'मंगळफेरा'. १९४८ ते १९४९ या अवघ्या दोन वर्षांतील ही चित्रे. एखाद्या लग्नघरात शिरून कानावर पडतील ते शब्द टिपून घ्यावे, तशी ही यादी. ज्यास ती नीरस वाटेल त्याने 'गुणसुंदरी'ची कुळकथा ऐकावी. चंदुलाल शहांनी १९२७ साली हा मूकपट काढला; गोहर त्याची नायिका. पत्नी दिवसभर घरकामात गढलेली, पतीशी बोलावयास तिच्यापाशी घरकामावाचून विषय नाही. पती कंटाळतो आणि एका नर्तकीकडे जाऊ लागतो. इथवर कथा जुनीच आहे. पुढे मात्र पत्नी रडत बसत नाही. ती स्वतः घराबाहेर पडते, नवे वागणे शिकते आणि नवऱ्यास त्याच्याच मैदानात गाठते. या कथेचा प्रेक्षकांवर असा काही पगडा बसला की, शहांनी १९३४ साली ती हिंदी बोलपटात पुन्हा सांगितली आणि १९४८ साली रतिभाई पुनातरांनी गुजरातीत तिसऱ्यांदा. एकवीस वर्षांत तीन वेळा एकच प्रश्न विचारला गेला: लग्नाची बायको नवऱ्याची प्रेयसी होऊ शकेल काय? ज्या समाजात लग्न आधी आणि ओळख मागाहून, त्या समाजात प्रेमाचा खरा प्रश्न हाच होता. आमच्या आजीच्या पिढीस तो नीट समजला असता. आम्हांस समजावयास उशीर लागला, कारण आम्ही प्रेम शिकलो ते इंग्रजी कादंबऱ्यांवरून, आणि त्या कादंबऱ्या बहुधा लग्नाच्या घंटेपाशी संपत.

१९४८ च्या त्या 'गुणसुंदरी'ची नायिका होती निरुपा रॉय. ही मुलगी वलसाडची. लहान वयात लग्न होऊन मुंबईस आली आणि १९४६ साली गुजराती वर्तमानपत्रातील जाहिरात वाचून पतिपत्नी दोघे चित्रपट कंपनीत नशीब काढावयास गेली. निवड झाली ती पत्नीची. 'राणकदेवी' हे तिचे पहिले चित्र. पुढे साऱ्या देशाने तिला पडद्यावरील आई म्हणून ओळखले. परंतु तिची पहिली ओळख सौराष्ट्राच्या आणि घरगुती गुजरातच्या कथांतून झालेली आहे, हे फार थोड्यांस ठाऊक असते.

'वेविशाळ'विषयी थोडे विस्ताराने लिहिणे आम्हांस अगत्याचे वाटते. झवेरचंद मेघाणी १९४७ साली निवर्तले. त्यानंतर दोनच वर्षांनी चतुर्भुज दोशींनी त्यांची ही कादंबरी पडद्यावर आणली. सुशीला आणि सुखलाल यांचा वाङ्निश्चय लहानपणीच झालेला आहे. पुढे सुशीलेच्या घरची मंडळी मुंबईत येऊन श्रीमंत होतात. सुखलालचे घर मात्र काठेवाडात दरिद्रीच राहते. आता थोरल्या शेठजींस तो सोयरा नकोसा झाला आहे आणि वाङ्निश्चय मोडावयाचा आहे. कोणत्याही चालू कथेत येथे मुलीचे प्रेम दुसऱ्या कोणावर तरी असते आणि वडीलधारी मंडळी जुन्या शब्दास चिकटून बसतात. मेघाणींनी सारे उलट फिरविले. येथे वडील आपला शब्द मोडू पाहतात आणि मुलगी तो शब्द हाती धरून उभी राहते. जे बंधन तिने निवडले नव्हते, ते ती पाहून-सवरून, त्या संकोची, गबाळ्या तरुणाचे मन ओळखून, आता स्वतः निवडते. बालपणीचा करार हेच तिच्या स्वयंवराचे शस्त्र होते. परंपरेच्या पोटातून बंड कसे निघते याचे इतके स्वाभाविक उदाहरण आमच्या वाचनात दुसरे नाही. पैसा आला की शब्द कसा स्वस्त होतो, ही त्यातली टीका व्यापारी समाजाने स्वतःवर करून घेतलेली आहे. आमच्या स्नेह्यांच्या जमाखर्चाच्या थट्टेपेक्षा ती पुष्कळ अधिक बोचरी आहे.

घराच्या बाहेर गुजराती प्रेमाचे दुसरे एक क्षेत्र आहे: सौराष्ट्र आणि कच्छ यांच्या लोककथांचे. भाट-चारणांनी शतकानुशतके गायिलेल्या या कथा चित्रपटाने वारंवार उचलल्या. राणकदेवीची कथा त्यांत अग्रगण्य. कुंभाराच्या घरी वाढलेली सुंदर राणक जुनागढच्या रा' खेंगाराशी लग्न करते; पाटणचा सिद्धराज जयसिंह तिच्या अभिलाषेने जुनागढ घेतो, खेंगारास मारतो आणि तिला घेऊन निघतो; वढवाणपाशी ती चितेवर चढते. सिद्धराज हा बाराव्या शतकातील थोर सोळंकी राजा, गुजरातच्या वैभवाचा कळस. आणि या कथेचे बरेचसे अंग इतिहासाच्या कसास उतरत नाही, असे जाणते सांगतात. आम्हांस मात्र यातील एका गोष्टीचे नवल वाटते. गुजराती जनतेने आपल्या सर्वांत पराक्रमी राजास आपल्या सर्वांत प्रिय प्रेमकथेत खलनायक केले आहे. भवाईतील जसमा ओडणीच्या वेषातही हाच सिद्धराज, तीच अभिलाषा आणि तोच नकार. दरबारी इतिहास काहीही लिहो; घागऱ्याच्या घेरात आणि ढोलकाच्या तालावर ज्या इतिहासाचे पारायण झाले त्यात सत्तेस प्रेम विकत घेता आले नाही.

याच्या अगदी उलट बाजूस जेसल आणि तोरल उभी आहेत. कच्छचा दरोडेखोर जेसल. भक्त सांसतिया काठीची पत्नी तोरल. जेसल तिला नेतो. वाटेत नाव वादळात सापडते. बुडण्याच्या भयाने तो क्रूर पुरुष लहान मुलासारखा थरथरतो, आणि ती शांत बसून त्याच्याकडून एकेक पाप वदवून घेते. नाव तरते ती कबुलीने. पुढे दोघे संत म्हणून पूजिली गेली. कच्छातील अंजार येथे त्यांची समाधी आहे. आता हे नाते कोणते म्हणावे? पती-पत्नी ती नव्हेत, प्रियकर-प्रेयसीही म्हणता येत नाहीत, आणि निव्वळ गुरु-शिष्य म्हणावे तर नावेतील त्या प्रसंगाचा अर्थ अपुरा राहतो. १९४८ साली चतुर्भुज दोशींनी ही कथा चित्रित केली. १९७१ साली रवींद्र दव्यांनी ती पुन्हा घेतली आणि उपेंद्र त्रिवेदींनी जेसल उभा केला. या दुसऱ्या चित्रास एवढे यश लाभले की, पुढील दहापंधरा वर्षे गुजराती पडद्यावर पागोटी, तलवारी आणि दुहे यांचा पूर लोटला. 'राणकदेवी', 'होथल पदमणी', 'मेना गुर्जरी', 'रा नवघण' अशी एकामागून एक चित्रे निघाली. सरकारच्या करमाफीने निर्मात्यांस धीर आला; उपेंद्र त्रिवेदी आणि स्नेहलता यांची जोडी घरोघर पोहोचली. पूर आला की पाणी गढूळ होते, तसेच येथे झाले. नक्कलेची नक्कल निघू लागली, आणि सुशिक्षित गुजराती प्रेक्षक आपल्या भाषेचे चित्रगृह टाळू लागला. आमच्या स्नेह्यांनी पाहिलेली दोन चित्रे याच काळातील असावीत, असा आमचा तर्क आहे.

या पुराच्या काठावर दोन चित्रे अशी आहेत की ज्यांची गणना कोणत्याही भाषेत करावी. दोहोंचा उगम पन्नालाल पटेलांच्या लेखणीत. १९४१ च्या 'मळेला जीव' या त्यांच्या कादंबरीवर मनहर रसकपूरांनी १९५६ साली चित्र काढले. पटेलाचा कानजी आणि न्हाव्याची जीवी जत्रेत पाळण्यात एकत्र बसतात आणि जीव जडतो. जात आडवी येते. मग कानजी एक भयंकर सुज्ञपणाचे काम करतो: जीवी निदान डोळ्यांसमोर असावी म्हणून तिचे लग्न आपल्याच गावच्या एका न्हाव्याशी जुळवून देतो. येथून पुढे जे घडते त्यात नवऱ्याचा संशय आहे, मार आहे, आणि जीवीने स्वतःसाठी विष घातलेली भाकरी नवऱ्याच्या मुखी पडणे आहे. ती वेडी होते. ज्याने आपले प्रेम जातीच्या चौकटीत सोयीस्कर बसवू पाहिले, त्याला अखेर चौकट मोडूनच तिला घेऊन जावे लागते. परंतु तोवर केवढी किंमत पडली! श्री. ना. पेंडशांच्या 'गारंबीच्या बापू'ने कोकणात राधेसाठी जे धैर्य पहिल्या झटक्यास दाखविले, ते कानजीस फार उशिरा सुचले. वाचकांनी दोन्ही पुस्तके शेजारी ठेवून वाचावी, अशी आमची शिफारस आहे.

दुसरे चित्र कांतिलाल राठोडांचे 'कंकु' (१९६९). तरुणपणी विधवा झालेली कंकू मुलासाठी पुनर्विवाह नाकारते. गावचा दुकानदार मलकचंद तिला उधारीवर माल देतो. वर्षानुवर्षे त्या वहीवरच दोघांचा विश्वास वाढत जातो. दोघेही सभ्य आहेत. गाव दोघांनाही मानते. आणि मग मुलाच्या लग्नाच्या गडबडीत, इतक्या वर्षांचा बांध एका रात्री फुटतो. कंकूस दिवस राहतात. या चित्रास गुजरातीतील उत्कृष्ट चित्राचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले आणि शिकागोच्या महोत्सवात कंकूची भूमिका करणाऱ्या पल्लवी मेहतांचा गौरव झाला. आम्ही हे चित्र प्रथम पाहिले तेव्हा लक्षात राहिला तो दुकानाचा उंबरठा, ती तराजू आणि ती वही. आमचे स्नेही जमाखर्चाची थट्टा करीत होते. येथे तर जमाखर्चाची वहीच प्रेमपत्र झाली आहे. जे एकमेकांस बोलता येत नव्हते ते दोघांनी उधारीच्या आकड्यांत लिहून ठेवले. व्यापारी समाजाच्या भाषेवाचून दुसऱ्या कोणत्याही भाषेस ही कल्पना सुचली नसती.

आता वसईकडे वळू. १९६० साली मे महिन्याच्या पहिल्या दिवशी महाराष्ट्र आणि गुजरात वेगळे झाले. त्याच वर्षी मनहर रसकपूरांचे 'मेंदी रंग लाग्यो' प्रदर्शित झाले आणि त्याने गुजराती प्रेक्षकांस वेड लावले. नायक राजेंद्रकुमार, जन्माने सियालकोटचा. संगीत अविनाश व्यासांचे. आणि नायिका उषा किरण. म्हणजे पूर्वाश्रमीच्या उषा मराठे, जन्म १९२९ सालचा, आणि तो आमच्या या वसईतला. राजकारणाने जे घर दोन करून दिले, त्याच वर्षी त्या घरची एक मराठी मुलगी गुजराती प्रेमकथेची नायिका झाली. आठ वर्षांनी असाच दुसरा योग आला. गोवर्धनराम त्रिपाठींच्या 'सरस्वतीचंद्र' या महाकादंबरीवर गोविंद सरैयांनी हिंदी चित्र काढले (१९६८) तेव्हा कुमुदची भूमिका शोभना समर्थांच्या कन्येकडे, नूतनकडे आली. गुजराती वाङ्मयातील सर्वांत दुःखी वाग्दत्ता मराठी घरच्या मुलीने साकारावी, हा योगायोग म्हणून सोडून देता येईल. परंतु जुन्या रंगभूमीचे ज्यांस स्मरण आहे ते तसे करणार नाहीत. गुजरातीत जयशंकर 'सुंदरी' आणि मराठीत बालगंधर्व हे दोन पुरुष जवळजवळ एकाच वयाचे. दोघांनी स्त्रीभूमिका केल्या आणि दोन्ही भाषांतील कुलीन स्त्रियांनी त्यांच्या लुगडे नेसण्याच्या पद्धती उचलल्या. स्त्रीने प्रेम करताना कसे दिसावे, कसे वळावे, हे दोन्ही समाज एकाच काळी शिकत होते.

'मेंदी रंग लाग्यो' हे नाव ज्या गाण्याशी जोडलेले आहे ते लोकगीतावरून आलेले. त्यातील शब्द येथे देत नाही, आशय सांगतो. लाडका धाकटा दीर वहिनीसाठी मेंदी आणतो, वाटून देतो आणि म्हणतो, हात रंगव. वहिनी उत्तर देते की, रंगवून काय करू? ज्याने पाहावयाचे तो तर परदेशी आहे. एवढेच. वरवर पाहता हे नाचाचे, हसतखेळत गायिले जाणारे गाणे आहे; टाळ्या आणि दांडिये यांच्या घाईत तो एक चरण कानावरून निघून जातो. परंतु गुजराती प्रीतीचे सारे अर्थशास्त्र त्यात साठविलेले आहे. त्या प्रांतातील पुरुष पिढ्यानपिढ्या समुद्रावर गेले. मुंबई, झांझिबार, रंगून, मोम्बासा. मागे राहिल्या त्या नव्याने आलेल्या सुना, आणि त्यांच्या सभोवती सासू, नणंद, जाऊ, दीर. म्हणूनच गुजराती चित्रांत पती कमी दिसतो आणि घर अधिक दिसते. आम्ही आरंभी ज्यास प्रेमाचा अभाव समजत होतो, तो प्रेमविषयाचा अभाव होता. प्रियकर कामावर गेलेला होता.

हा परदेश गुजराती पडद्यावरून कधीच हटला नाही. १९९८ साली मरगळलेल्या व्यवसायात गोविंदभाई पटेलांच्या ज्या चित्राने प्रेक्षकांची पुन्हा रीघ लावली त्याचे नावच 'देश रे जोया दादा परदेश जोया'. २०१२ साली अभिषेक जैनांनी 'केवी रीते जईश' काढून नव्या शहरी चित्रांचे दार उघडले, त्याचा विषय अमेरिकेस जाण्याची तळमळ. त्यानंतर 'छेल्लो दिवस' (२०१५), 'लव नी भवाई' (२०१७) अशी तरुणांची चित्रे आली; त्यांत मुले-मुली मोकळेपणाने प्रेम करतात, भांडतात, वेगळी होतात. ती आम्ही आनंदाने पाहिली, पण त्यांविषयी फार लिहावेसे वाटत नाही. त्यांतील प्रेमास गावाचा पत्ता लागत नाही. 'हेल्लारो' (२०१९) मात्र वेगळे. अभिषेक शहांच्या या चित्रास देशातील सर्वोत्कृष्ट चित्राचे सुवर्णकमळ मिळाले, आणि त्यातील तेरा अभिनेत्रींस मिळून विशेष पुरस्कार. १९७५ सालच्या कच्छातील त्या वाळवंटी गावात स्त्रियांस गरबा खेळण्याची बंदी आहे. पाणी आणावयास दूर जाताना त्यांना एक ढोलवाला भेटतो. तो वाजवितो, त्या नाचतात. बस्स. कोणी कोणावर प्रेम करीत नाही, निदान त्या शब्दाने नाही. तरी पाण्याच्या वाटेवरील त्या नाचात जे सुख आहे ते आम्हांस 'जेसल तोरल'च्या नावेची आठवण करून देते. ज्या नात्याला नाव नाही तेथेच गुजराती चित्रपट सर्वांत समर्थ असतो, असे म्हणण्याचा आम्हांस मोह होतो.

हा लेख लिहीत असता आम्ही वर्गात विषय काढला. आमच्या विद्यार्थ्यांत दोन्ही भाषांची मुले आहेत. एक गुजराती मुलगी धीटपणे म्हणाली, "सर, आईशी भांडायचे तर मी गुजरातीतच भांडते. पण प्रेमाचे बोलणे गुजरातीत केले तर मलाच हसू येईल. ते हिंदीतच सुचते." वर्ग हसला. एक मराठी मुलगा म्हणाला, "मराठीतही तसेच होते." या वेळी आम्ही हसलो नाही. चंदुलाल शहांच्या पिढीने बाजारासाठी जी वाटणी केली, ती नव्वद वर्षांनी या मुलांच्या जिभेवर येऊन बसली होती. आमच्या पिढीनेही प्रेमपत्रे इंग्रजी कवींच्या उसनवारीवर लिहिली, तेव्हा त्यांस दोष कोणत्या तोंडाने द्यावा?

गेल्या नवरात्रात आमच्या वसाहतीच्या मैदानात रोजच्याप्रमाणे गरबा होता. कोळी, वाडवळ, ख्रिस्ती, गुजराती, आमच्याकडच्या चित्पावनांच्या सुना, सर्व त्या फेरात. मध्यरात्रीच्या आत ध्वनिक्षेपक बंद करावयाचा म्हणून घाईने ते मेंदीचे गाणे लागले. ती विद्यार्थिनी फेरातून बाहेर येऊन पाणी पीत आमच्या शेजारी उभी होती. या गाण्याच्या चित्रातील नायिका याच गावची, असे आम्ही तिला सांगितले. तिला नवल वाटले. मग आम्ही त्या वहिनीच्या उत्तराचा अर्थ तिला विचारला. इतकी वर्षे नाचत असून तिने त्याकडे लक्ष दिले नव्हते. तिने कान देऊन तो चरण ऐकला, स्वतःच्या रंगविलेल्या हातांकडे पाहिले आणि काही न बोलता पिशवीतून दूरध्वनी काढून एका बाजूस गेली. तिचा वाग्दत्त वर कॅनडात असतो, हे आम्हांस मागाहून कळले.